अगस्त्य (तारा)

दक्षिण आकाशातील नौकातल या तारकासमूहाचा सर्वांत तेजस्वी तारा. संपूर्ण आकाशात व्याधाच्या खालोखाल दुसरा. पर्यायनामे : कुंभसंभव, घटज, मैत्रावरुणी; अरबी-फारसीत सुहैल; पाश्चात्त्यांत कॅनोपस. प्रस्तुत नोंदीतील स्थलसापेक्ष मूल्ये गोंदिया जिल्ह्यातील अर्जुनी मोरगाव (अक्षांश सुमारे २०.८° उत्तर) या तालुक्याच्या ठिकाणासाठी काढलेली आहेत.

भौतिक स्वरूप : अंतर सुमारे ३१० प्रकाशवर्षे, दृश्य प्रत −०.७४; पृष्ठतापमान सुमारे ७,५०० केल्विन; त्रिज्या सूर्याच्या सुमारे ७० पट; दीप्ती १०,००० पटींहून अधिक. १९६४ मध्ये मंगळाकडे निघालेल्या मरिनर-४ यानाने दिक्‌स्थिती राखण्यासाठी याच ताऱ्याचा आधार घेतला.

उदयास्त-गणित : या ताऱ्याची क्रांती (खगोलीय विषुववृत्तापासूनचे कोनीय अंतर) सुमारे ५२.७° दक्षिण असल्यामुळे अर्जुनी मोरगाव येथे तो क्षितिजापासून १६-१७ अंशांहून वर कधीच चढत नाही आणि उगवल्यापासून मावळेपर्यंत जेमतेम आठ तास आकाशात राहतो. सूर्यसान्निध्यामुळे काही काळ लुप्त होऊन पहाटे पुन्हा प्रथम दिसणे, हा जो याचा ‘उदय’, तो स्थळाच्या अक्षांशानुसार निराळ्या दिवशी घडतो. आणि ही गोष्ट आपल्या ज्योतिष्यांनी फार पूर्वी ओळखली होती. वराहमिहिराने बृहत्संहितेत या ताऱ्यासाठी स्वतंत्र अध्याय योजून, प्रत्येक देशाचा उदय गणिताने काढावा असे सांगितले आणि उज्जयिनीसाठी सूर्य कन्येस पोहोचण्यास सात अंश उरले असतानाचा काळ दिला. कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी ग्रहलाघवात (शके १४४२, इ. स. १५२०) ही रीत इतकी सुलभ केली की, विषुवदिनी मध्यान्ही बारा अंगुळांच्या शंकूची छाया, म्हणजे पलभा, ज्यास ठाऊक आहे अशा कोणासही ती साधावी : पलभेची आठपट ९८ अंशांत मिळविली असता उदयकाळचा, व ७८ अंशांतून वजा केली असता अस्तकाळचा, म्हणजे तारा लुप्त होतानाचा, सूर्य मिळतो. अर्जुनी मोरगावची पलभा सुमारे साडेचार अंगुळे. तिची आठपट ३६. सबब सूर्य १३४ अंशांवर, अर्थात सिंहेच्या १४ अंशांवर, म्हणजे ऑगस्टअखेर, आला असता उदय, आणि ४२ अंशांवर, अर्थात वृषभेच्या १२ अंशांवर, म्हणजे मेच्या शेवटच्या आठवड्यात, अस्त. अयनचलन व क्षितिजावरील धूसरता यांमुळे प्रत्यक्षात फरक पडतो : अभ्राच्छादन नसल्यास उदय ऑगस्टच्या उत्तरार्धातच दिसू शकतो, व अस्तही आधी होतो.

पुराणकथा : ज्यांचे नाव ताऱ्यास मिळाले त्या अगस्त्य ऋषींच्या कथा अशा : मित्रावरुणांपासून कुंभात जन्म (ऋग्वेद ७.३३), विंध्यास नमविणे, कालेय दैत्य उघडे पाडण्यासाठी समुद्रप्राशन, वातापीभक्षण. ऋषिपत्नी लोपामुद्रा महाभारताच्या वनपर्वाप्रमाणे विदर्भराजाच्या घरी वाढली. मात्र प्राचीन विदर्भाच्या पूर्वसीमेविषयी एकमत नसल्याने ही कथा आजच्या गोंदिया मुलखाशी निःशंकपणे जोडता येत नाही. विंध्योल्लंघनाची कथा आर्यांच्या दक्षिणप्रसाराचे रूपक आहे असे काही विद्वान मानतात, तर खगोलशास्त्रज्ञ कृ. दा. अभ्यंकर यांनी तिचा संबंध अयनचलनामुळे हा तारा उत्तरेत हळूहळू दृश्य होण्याशी लावला. त्या काळाची निश्चिती वादग्रस्त आहे.

लोकजीवन : अगस्त्योदयानंतर गढूळ पाणी निवळते हा संकेत संस्कृत साहित्यात रूढ असून, भाद्रपदात काशपुष्पांसह अगस्त्यास अर्घ्य देण्याचा विधी धर्मग्रंथांत सांगितला आहे. हादग्यास अगस्ता हे नाव याच ऋषीवरून. अकोले (अहिल्यानगर जिल्हा) येथे प्रवरेकाठी अगस्ती आश्रम आहे. अर्जुनी मोरगावचा मुलूख धानाचा व तलावांचा. नवेगावबांध हा तलाव याच तालुक्यात असून त्याच्या बांधणीचे श्रेय परंपरेने कोहळी समाजातील तलावकारांस दिले जाते. पाऊस ओसरू लागून हलके धान निसवण्याच्या आणि मालगुजारी तलावांतील साठ्याची किंमत कळू लागण्याच्या दिवसांतच हा उदय येतो, सबब पाणी निवळविणारा तारा हे त्याचे जुने वर्णन येथे शब्दशः लागू पडते.

गोंडी आकाशज्ञान : मयंक वाहिया व गणेश हलकारे यांनी केलेले गोंडांच्या आकाशविषयक समजुतींचे संकलन २०१३ मध्ये प्रसिद्ध झाले. (पाहा : सप्तर्षी.)

दर्शन : फेब्रुवारीअखेर रात्री आठच्या सुमारास, व्याधाच्या ३६ अंश खाली, ठीक दक्षिणेस.