आवाजाचा उजेड : समुद्राचा तळ दाखवणारा लाल दिवा

नोव्हेंबर १८२६. जिनिव्हा सरोवरावर रात्रीच्या अंधारात दोन होड्या उभ्या होत्या. दोहोंत १३ किलोमीटरहून अधिक अंतर. एका होडीखाली पाण्यात घंटा टांगलेली होती. तिच्यावर टोल पडायचा, त्याच क्षणी होडीवर बंदुकीची दारू भडकायची. दुसऱ्या होडीत पाण्यात बुडवलेल्या लांब कर्ण्याला कान लावून जाँ-दानिएल कोलादों बसलेला होता. उजेड दिसताच तो घड्याळ सुरू करी आणि घंटा ऐकू येताच थांबवी. मधला काळ सुमारे नऊ सेकंदांचा. त्यावरून त्याने आणि शार्ल स्टुर्मने पाण्यातील ध्वनीचा वेग काढला : सेकंदाला १४३५ मीटर.

हा आकडा हाती आल्यावर समुद्राची खोली मोजण्याची युक्तीही तत्त्वतः हाती आली होती. आवाज खाली धाडायचा, प्रतिध्वनी परतेपर्यंतचा काळ मोजायचा आणि त्याच्या निम्म्याला वेगाने गुणायचे. प्रत्यक्षात पुढची जवळजवळ शंभर वर्षे शिशाचे वजन बांधलेला दोरच चालला. आपल्याकडचे कोळी पाणी 'वावे'त मोजतात. वाव म्हणजे पसरलेल्या दोन हातांची लांबी. इंग्रजांचा 'फॅदम' तोच, सहा फुटांचा. १८७२ ते १८७६ या काळात जगभर फिरलेल्या 'चॅलेंजर' जहाजाने खोल समुद्रात सुमारे ४९२ ठिकाणी असा दोर सोडला. एकेका मोजणीत कित्येक तास जात. साडेतीन वर्षांत पाचशेहून कमी बिंदू, आणि त्यांवरून महासागराचा नकाशा! दोन बिंदूंमध्ये डोंगर आहे की दरी, हे सांगायला कोणीच नव्हते.

अडचण घड्याळाची होती. शंभर वाव खोलीवरून प्रतिध्वनी पाव सेकंदात परततो. एवढा काळ हाताने पकडता येत नाही.

१९१२ मध्ये 'टायटॅनिक' बुडाले आणि हिमनगाची आगाऊ चाहूल देणाऱ्या यंत्राचा शोध जोराने सुरू झाला. १९१४ च्या एप्रिलमध्ये रेजिनाल्ड फेसेंडेनने 'मायामी' या अमेरिकी जहाजावरून हिमनगाचा प्रतिध्वनी टिपला. त्याच चाचण्यांत खालच्या तळाचाही टिपला. जर्मनीतील अलेक्झांडर बेम हिमनगाच्याच मागे होता, पण अखेर खोलीकडे वळला. त्याच्या यंत्रात प्रकाशाचा ठिपका मोजपट्टीवर सरकत जाई आणि प्रतिध्वनी येताच थांबे.

अमेरिकेत हर्बर्ट ग्रोव्ह डॉर्सीने १९२० च्या दशकात बनवलेला 'फॅदोमीटर' त्याहून देखणा. गोल तबकडी, कडेने वावांचे आकडे. तबकडीमागे निऑनचा छोटा दिवा सेकंदाला चार फेऱ्या या ठरावीक गतीने फिरतो. दिवा शून्यापाशी आला की जहाजाच्या तळातून आवाज सुटतो. प्रतिध्वनी परतला की त्याच्या विजेच्या स्पंदाने दिवा क्षणभर लाल चमकतो, आणि त्या क्षणी तो ज्या आकड्यामागे असेल तीच खोली. एक फेरी म्हणजे शंभर वाव. साधा दिवा इथे चालला नसता. त्याची तार तापायला आणि निवायला वेळ लागतो. निऑन तत्क्षणी पेटतो आणि तत्क्षणी विझतो. जहाज थांबवावे लागत नाही, दोर ओढावा लागत नाही. पाहणाऱ्याला आकड्यांच्या कडेवर जणू एक लाल ठिणगी स्थिर दिसते आणि तळ चढला-उतरला की ती पुढेमागे सरकते.

मात्र ही ठिणगी फसवीही होती. पाणी १३० वाव खोल असले, तर दिवा एक फेरी पुरी करून ३० वर चमकणार. कप्तानाला आपण कुठे आहोत याचा आधीच अंदाज नसेल, तर यंत्र त्याला शंभर वावांनी फसवू शकत होते. अतिखोल पाण्यात प्रतिध्वनी इतका क्षीण होई की निऑन पेटतच नसे. तेव्हा अधिकारी कानाला श्रवणयंत्र लावून बसे, आवाज ऐकू येताच फिरणाऱ्या पांढऱ्या दिव्याची जागा वाची. शिवाय पाण्याची उष्णता, क्षार आणि दाब यांनी ध्वनीचा वेग बदलतो, म्हणजे प्रत्येक आकडा दुरुस्त करणे आले.

तरीही नकाशे भराभर पालटले. १९२५ ते १९२७ मध्ये जर्मन 'मेटिऑर' जहाजाने दक्षिण अटलांटिकमध्ये ६७,००० हून अधिक मोजण्या केल्या. अरबी समुद्राची पाळी १९३३ मध्ये आली. 'चॅलेंजर'वर दोराचे दिवस काढलेल्या जॉन मरेने ख्रिसमस बेटावरील फॉस्फेटच्या उद्योगातून पैसा मिळवला होता. त्याच्या मृत्युपत्रातील रकमेतून 'मबाहिस' हे इजिप्शियन जहाज निघाले. नेतृत्व भारतीय प्राणी सर्वेक्षणाचे संचालक राहिलेल्या सेमूर सेवेल यांचे. प्रतिध्वनियंत्राने कराचीच्या नैऋत्येस पाण्याखाली पसरलेली एक डोंगररांग दाखवली. तिला मरेचेच नाव मिळाले. कार्ल्सबर्ग रांगेच्या माथ्यावर लांब घळही सापडली. आफ्रिकेतील खचदरीशी तिचे साम्य वाइझमन आणि सेवेल यांनी १९३७ मध्येच नोंदवले. मेरी थार्पने अटलांटिकच्या रांगेतील दरी कागदावर ओळखण्याच्या कितीतरी आधी! हा भाग इतिहासकथनात हटकून गळतो.

आणि मग तळाखेरीज दुसरेच काही 'चमकू' लागले. दुसऱ्या महायुद्धात कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याजवळ पाणबुड्या शोधणाऱ्या वैज्ञानिकांना शेकडो मीटर खोलीवर एक तळासारखा थर दिसला. खरा तळ त्याच्याही बराच खाली होता. अशा प्रतिध्वनींपायी नकाशांवर नसलेले उथळे उमटले आणि त्यांपुढे 'अस्तित्व संशयास्पद' असा शेरा पडला. १९४५ मध्ये मार्टिन जॉन्सनने अहोरात्र नोंदी घेतल्या, तेव्हा उलगडा झाला. सूर्य मावळला की हा थर पृष्ठभागाकडे चढत होता, आणि उजाडण्याआधी पुन्हा खोल उतरत होता. तो थर सजीवांचा होता.