मानेतला पूल

गेल्या वर्षी नेवाशाच्या आत्याला चक्कर यायला लागली. कूस बदलली की घर गरगर फिरायचं. नगरला मानेचा एक्स-रे काढला आणि रिपोर्टात एक नाव निघालं : पॉन्टिक्युलस पोस्टिकस. मी फोनवर शोधून तिला अर्थ सांगितला, ‘मागचा छोटा पूल’. आत्या म्हणाली, “कोणत्या नदीवरचा गं?”

प्रश्न चुकीचा नव्हता. नदी आहे. मानेच्या पहिल्या मणक्याला अ‍ॅटलास म्हणतात. ग्रीक कथेतला हा अ‍ॅटलास आकाश खांद्यावर पेलतो, आपला डोकं पेलतो. मेंदूला रक्त नेणाऱ्या दोन वर्टिब्रल धमन्या मणक्यांच्या बाजूच्या भोकांतून वर चढतात, अ‍ॅटलासपाशी मागे वळतात, त्याच्या मागच्या कमानीवरच्या खाचेतून जातात आणि कवटीत शिरतात. बहुतेकांची ही खाच वरून उघडी असते. काहींच्या खाचेवर हाडाची बारीक कमान बनते आणि धमनी तिच्याखालून वाहते. जगभरच्या अभ्यासांची गोळाबेरीज केली तर साधारण सहा जणांत एकाला हा पूल असतो. कित्येक माकडांत तो नेहमीचाच.

म्हणजे आत्याला काही जगावेगळं झालेलं नव्हतं. पण घरात ‘मानेत हाड वाढलंय’ अशी बातमी पसरली आणि पंचक्रोशीतल्या एका हाडवैद्याचं नाव पुढे आलं. तो मान झटक्यात फिरवून ‘बसवणार’ होता. कटिंगनंतर सलूनमध्ये मान कडकन मोडून घेणाऱ्यांना यात वावगं वाटणार नाही. मात्र अशा झटक्याने वर्टिब्रल धमनीचं आतलं अस्तर फाटून पक्षाघात झाल्याच्या नोंदी वैद्यकात आहेत. आत्याला थांबवायला मला दोन दिवस भांडावं लागलं.

एरवी या पुलाचं कौतुक शरीररचनेच्या पुस्तकांपुरतंच होतं. नाव द्यायचं, चित्र काढायचं, पुढे जायचं. त्याला महत्त्व आलं ते मणक्यांत स्क्रू बसायला लागल्यावर, आणि त्या गोष्टीचा एक मोठा भाग परळचा आहे.

पहिला आणि दुसरा मणका एकमेकांवरून सरकायला लागले की मज्जारज्जू दाबला जातो. हातापायांतलं बळ जातं, कधी जीवही. पूर्वी सर्जन मागच्या कमानीभोवती तार आवळून, हाडाचा तुकडा लावून हे मणके बांधत. केईएम रुग्णालयाचे डॉ. अतुल गोयल आणि डॉ. लाहेरी यांनी १९९४ मध्ये वेगळी पद्धत प्रसिद्ध केली. अ‍ॅटलासच्या दोन्ही बाजूंच्या जाड भागांत थेट स्क्रू, दुसऱ्या मणक्यात स्क्रू, आणि दोघांना जोडणारी धातूची पट्टी. २००१ मध्ये जर्मनीच्या हार्म्स आणि मेल्चर यांनी पट्टीऐवजी सळई वापरली. आज जगभर ही शस्त्रक्रिया ‘गोयल-हार्म्स’ म्हणून ओळखतात. २००२ पर्यंत गोयल यांच्या गटाने १६० रुग्णांचा अनुभव मांडला होता. सरकत्या मणक्याला तारेऐवजी स्क्रूने धरायचं हे सरकारी-पालिका रुग्णालयांच्या गर्दीत घडलं, याचा मला उगाच अभिमान वाटतो.

पुढे काही सर्जन मागच्या कमानीतूनच स्क्रू घालू लागले, आणि इथे पूल आडवा आला. एक्स-रेत पुलामुळे कमान जाडजूड दिसते. सर्जनला वाटतं, भरपूर हाड आहे. प्रत्यक्षात त्या जाडीच्या पोटात धमनी असते. २००५ मध्ये अमेरिकी सर्जनांनी हाच इशारा छापला. आता शस्त्रक्रियेआधी सीटी स्कॅनवर पूल शोधतात.

आत्याचं घर लाडमोड टेकडीपासून लांब नाही. नेवाशाला लोक येतात ते ज्ञानेश्वरांच्या पैस खांबासाठी, टेकडीकडे फारसं कुणी वळत नाही. १९५४ ते ५६ मध्ये डेक्कन कॉलेजचे ह. धी. सांकलिया यांनी तिथे उत्खनन केलं. तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीच्या घरांच्या जमिनीखाली लहान मुलं पुरलेली होती, तोंडाला तोंड लावलेल्या मडक्यांत. सांगाडे मानववंशशास्त्रज्ञांनी तपासले. केनेडी आणि मल्होत्रा यांचा अहवाल १९६६ चा. त्या मुलांत पूल शोधणं व्यर्थ. तान्ह्या वयात अ‍ॅटलास सुट्या तुकड्यांत असतो, मागची कमान जुळायलाच तीन-चार वर्षं लागतात. पण एका मुलाच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ सापडली. तांब्याच्या क्षारांमुळे तिचा दोराही टिकला होता, रेशीम आणि कापसाचा. हाड होण्याआधी गेलेल्या मुलाच्या मानेभोवतीचा दोरा राहिला.

आत्याची चक्कर शेवटी कानातली निघाली. (कानातही पॉन्टिक्युलस नावाचा एक पूल आहे, मधल्या कानाच्या आतल्या भिंतीवर. त्याच्याखालच्या खोबणीत हाड कुरतडणारा रोग लपला तर सर्जनला सरळ नजरेने दिसत नाही, म्हणून हल्ली आत दुर्बीण घालतात. तो बिचाराही निर्दोष.) आतल्या कानातले बारीक कण जागा सोडून गेले होते. नगरच्या डॉक्टरांनी तिला पलंगावर आडवं करून डोकं हळूहळू एका ठरावीक क्रमाने वळवलं. ही रीत जॉन एप्ली यांनी १९९२ मध्ये मांडली. पाच-दहा मिनिटांत काम झालं.

आता घरी कुणी आलं की आत्या चहाआधी सांगते, “माझ्या मानेत पूल आहे बरं का.” आणि एक्स-रे खिडकीला धरते.