तमिळ ‘अकम्’ काव्य : प्रेम आणि विरहाच्या पाच भूमी

प्राचीन तमिळ काव्याचे अकम् आणि पुरम् असे दोन मुख्य भाग मानले जातात. पुरम् म्हणजे बाहेरचे : युद्ध, राजे, दानशौर्य. अकम् म्हणजे आतले, अर्थात प्रेम. इसवी सनाच्या आरंभीच्या शतकांतील संगम साहित्यात अकम् कवितांचेच पारडे जड आहे. ‘कुरुंतोगै’, ‘नट्रिणै’ आणि ‘अकनानूरु’ हे त्यांचे प्रमुख संग्रह होत.

अकम् कवितेत नायक-नायिकेचे नाव घ्यायचे नाही, असा ‘तोलकाप्पियम्’ या व्याकरणग्रंथाचा दंडक आहे. नावाच्या जागी भूमी बोलते. डोंगरातील कुरिंजी म्हणजे चोरटे मीलन, रानातील मुल्लै म्हणजे धीराची प्रतीक्षा, शेतमळ्यांतील मरुदम् म्हणजे परस्त्रीकडे गेलेल्या पतीवरचा रुसवा, सागरतीरावरील नेय्तल म्हणजे व्याकूळ विलाप आणि रखरखीत पालै म्हणजे ताटातूट. मीलनाच्या वाट्याला पाचांपैकी एकच भूमी आली आहे, हे ध्यानात घेण्याजोगे. (कुरिंजीचे निळे फूल बारा वर्षांतून एकदा फुलते, सह्याद्रीतील कारवी ही तिचीच सगोत्र.)

हे दुःख देहावर उमटते. विरहिणीच्या कांतीवर पसरणाऱ्या फिकटपणाला ‘पशलै’ हा स्वतंत्र शब्द आहे. हात कृश होऊन बांगड्या गळू लागतात आणि गावात कुजबूज सुरू होते. मग सखी नायकाला सुनावते : लग्न तरी कर, नाही तर येणे थांबव. या कवितांतील सर्वांत व्यवहारी आणि सर्वांत जिवंत पात्र तीच.

पुरुषाचे दुःख मात्र चव्हाट्यावर येते. नकार मिळालेला प्रियकर ताडाच्या काटेरी दांड्यांचा घोडा करून त्यावर भर रस्त्यातून जाण्याची धमकी देतो. हे ‘मडल’. स्त्रीला ते निषिद्ध होते. पुढे भक्तिकाव्यात तिरुमंगै आळ्वारांनी हा निर्बंध मोडला. त्यांची नायिका विष्णूसाठी मडलचीच भाषा करते.

महाराष्ट्री प्राकृतातील हालाच्या ‘गाथासप्तशती’तही अनाम नायिका, चतुर सखी आणि पावसाळ्यापूर्वी न परतलेला प्रवासी भेटतात. अमेरिकन अभ्यासक जॉर्ज हार्ट यांनी या साम्याचे मूळ दख्खनच्या सामायिक लोकगीतपरंपरेत शोधले आहे.