विश्वास पानिपतात गेलाच नाही, तर?

मराठीत एखाद्याचा पुरता धुव्वा उडाला की त्याचे 'पानिपत झाले' असे म्हणतात. कुणी भरवसा ठेवायला सांगितले, की 'विश्वास तर पानिपतात गेला' हे उत्तर तयार असते. या दुसऱ्या वाक्याचा दुसऱ्या भाषेत अनुवाद होत नाही. त्यातला विश्वास म्हणजे भरवसा, आणि नानासाहेब पेशव्यांचा अठरा वर्षांचा मुलगा विश्वासरावही. १४ जानेवारी १७६१ रोजी तो पानिपतावर गोळी लागून पडला. ते पाहून सदाशिवरावभाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, रिकामी अंबारी दिसताच सैन्याचा धीर सुटला, असे सांगतात. पराभवाची खरी कारणे रसद, उपासमार आणि तुटलेली मैत्री यांत शोधावी लागतात. लोकांच्या स्मरणात मात्र एक गोळी राहिली.

जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' या विज्ञानकथेत नेमकी हीच गोळी उचलली. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पानिपतचा निकाल उलटा लागला असता तर काय झाले असते, या विचारात असताना ट्रकला धडकतात आणि दुसऱ्याच जगात जाऊन पोहोचतात. तिथे गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निसटून गेली आहे. मराठे जिंकले आहेत, अब्दाली काबूलकडे पळाला आहे, ईस्ट इंडिया कंपनी थोड्याशा प्रदेशात आक्रसून राहिली आहे. पंत आपल्या जगात परततात तेव्हा त्यांचा मित्र राजेंद्र देशपांडे कॅटॅस्ट्रॉफी थिअरी आणि पुंजभौतिकी यांच्या आधारे खुलासा करतो : एकाच क्षणातून अनेक वास्तवे फुटू शकतात, आपल्याला त्यांतले एकच दिसते.

अनुवादक म्हणून मला या कथेत भौतिकशास्त्राइतकेच व्याकरण दिसते. 'गोळी लागली नसती, तर राज्य टिकले असते' हा मराठीतला संकेतार्थ. त्यातली 'नसती' आणि 'असते' ही रूपेच सांगतात की हे घडलेले नाही. नारळीकरांनी ती काढून टाकली. 'गोळी लागली नाही. राज्य टिकले.' जर-तरचे वाक्य साध्या भूतकाळात येताच हळहळ जाते आणि तिच्या जागी इतिहास येतो.

पण हा फाटा पहिल्यांदा नारळीकरांनी फोडला असे मला वाटत नाही. भाऊंचे नेमके काय झाले, याविषयी पुण्यात पुढे कित्येक वर्षे शंका होती. त्यांच्या पत्नी पार्वतीबाईंनी वैधव्य स्वीकारले नाही, असे परंपरा सांगते. सुखनिधान नावाचा माणूस 'मीच भाऊ' म्हणत उभा राहिला तेव्हा त्याच्यामागे फौज जमली. १७७६ मध्ये त्याला देहदंड झाला. न. चिं. केळकरांनी पुढे त्यावर 'तोतयाचे बंड' हे नाटक लिहिले. तोतयामागे गेलेले सगळेच भोळे किंवा लबाड असतील असे नव्हे. भाऊ जिवंत असलेले एक जग त्यांना हवे होते, आणि पार्वतीबाई तर त्याच जगात राहत होत्या. नारळीकरांनी त्या इच्छेला सिद्धान्ताचा आधार दिला.

ही कथा इतर भाषिक मुलांपर्यंत पोहोचली ती एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजी पुस्तकातून, संक्षिप्त रूपात. तिथे शीर्षक आहे 'द अ‍ॅडव्हेंचर'. मूळ शीर्षकात पानिपत दोनदा आहे : एकदा रणांगण म्हणून, आणि एकदा पंतांची फजिती म्हणून. इंग्रजीत दोन्ही गेली. मल्याळी किंवा आसामी मुलाला ही साहसकथा वाटणार, आणि त्यात काही गैर नाही. पठाणी वाचकासाठी तर अहमदशाह हा 'बाबा' आहे. त्याला पंतांचे स्वप्न अपशकुनी वाटेल. मला आवडते ते हे, की जिंकलेल्या त्या जगातही पंतांच्या समोर आगगाडीत एक खानसाहेब बसले आहेत आणि ते पेशावरला निघाले आहेत. आपल्या जगात पानिपतावर मराठ्यांचा तोफखाना इब्राहिमखान गारद्याकडे होता, हेही विसरू नये. अलीकडे पानिपतची गोष्ट दोन धर्मांच्या लढाईसारखी सांगितली जाते, तेव्हा या दोन खानांचे काय करायचे, हे सांगणाऱ्याला विचारायला हवे.

आणि जिंकलेल्या जगात पंतांचे स्वागत कसे होते? आझाद मैदानावर सभा चालू असते. अध्यक्षांची खुर्ची रिकामी पाहून पंत जाऊन बसतात आणि बोलू लागतात. त्या जगाने अध्यक्षीय भाषणांना केव्हाच फाटा दिलेला आहे. श्रोते चिडतात, हाताला येईल ते फेकतात. पराभवावर आयुष्यभर विचार केलेल्या माणसाचे विजयी लोकांना काही ऐकायचे नसते.

पंत परततात तेव्हा पुरावा म्हणून जवळ असते 'भाऊसाहेबांच्या बखरी'चे एक फाटलेले पान. बखरीवर इतिहासकार सहसा एकटीच्या बळावर भिस्त ठेवत नाहीत. तिच्यात घडलेले आणि सांगितलेले एकमेकांत मिसळलेले असते. एका खगोलशास्त्रज्ञाने दुसऱ्या विश्वाची साक्ष काढायला तीच निवडली, कारण त्या पानावरचा फरक दोन-तीन ओळींचा आहे : गोळी लागली, किंवा चाटून गेली.

त्या दुसऱ्या जगातही मराठी असेलच. तिथे 'पानिपत होणे' याचा अर्थ बहुधा मोठा विजय मिळणे असा असेल, आणि भरवसा उडालेल्या माणसाला आपली निराशा सांगायला दुसरे एखादे वाक्य शोधावे लागत असेल. त्या मराठीतून आपल्या मराठीत आणायलाही अनुवादक लागेल.