कांचेच्या चार थरांतून

हातानें रंगविलेलें चित्र पडद्यावर चालूं-बोलूं लागतें, तेव्हां त्यांत कॅमेऱ्यामागील माणसाचा वाटा किती, याचा विचार प्रेक्षक सहसा करीत नाहींत. एका सेकंदांत २४ चित्रें डोळ्यांपुढून सरकतात. त्यांतील प्रत्येक कोणीतरी नीट मांडून, दिवे सांवरून टिपलेलें असतें. जपानांतील अशाच एका छायालेखकाची, तादाहितो मोचिनागा यांची हकीकत आज सांगावयाची आहे.

मोचिनागा यांचा जन्म १९१९ सालीं टोकियो येथें झाला. मित्सुयो सेओ ह्या दिग्दर्शकाच्या 'आरी-चान' ह्या १९४१ सालच्या मुंगीवरील व्यंगपटासाठीं त्यांनीं चार मजल्यांचें छायालेखन-यंत्र उभारलें. जपानांत असें यंत्र तें पहिलेंच. त्यांतील युक्ति साधी, पण काम मोठें जिकिरीचें. समजा, दूरचें रान एका कांचेवर, झाडें दुसरीवर, मुंगी तिसरीवर आणि जवळचें गवत चौथीवर रंगविलें. ह्या कांचा अंतर राखून एकावर एक ठेवल्या आणि कॅमेरा वरून खालीं रोखला. आतां जवळची कांच अधिक व दूरची थोडी सरकवीत एकेक चित्र टिपलें, कीं आगगाडीच्या खिडकींतून जवळचे खांब पळतांना व दूरचा डोंगर रेंगाळतांना दिसावा, तसा भास होतो. सपाट चित्राला खोली येते.

परंतु यंत्राला स्वतःची नीति नसते. १९४३ सालीं आरमाराच्या पाठबळानें निघालेल्या 'मोमोतारोचे सागरी गरुड' ह्या ३७ मिनिटांच्या चित्रपटाचें छायालेखनहि मोचिनागा यांचेंच. पर्ल हार्बरवरील हल्ल्याचा त्यांत गौरव होता. लोककथेंतील बालवीर येथें सेनापति झाला होता. मुलांना युद्धाची गोडी लावण्याच्या कामीं तें कौशल्य खर्ची पडलें. ही गोष्ट झांकून त्यांचें चरित्र सांगणें अप्रामाणिकपणाचें होईल.

१९४५ सालीं ते मांचुरियांतील चित्रपट-संस्थेंत गेले. त्याच वर्षीं जपाननें शरणागति पत्करली. ज्या देशावर स्वराष्ट्रानें अत्याचार केले, तेथेंच ते राहिले आणि फांग मिंग हें चिनी नांव घेऊन चिनी सहकाऱ्यांबरोबर काम करूं लागले. १९४७ सालचा बाहुलीपट 'सम्राटाचें स्वप्न' हा चँग कै-शेक यांच्यावरील उपहास होता. म्हणजे प्रचार सुटला नाहीं, बाजू तेवढी बदलली. तरी चीनमधील व्यंगपटांच्या नव्या पिढीचे ते शिक्षक ठरले.

१९५३ सालीं ते स्वदेशीं परतले व बाहुलीपटांकडे वळले. १९५८ सालीं व्हँकुव्हर येथें त्यांच्या एका बाहुलीपटास पारितोषिक मिळालें. पुढें १९६४ सालीं अमेरिकेंतील दूरचित्रवाणीसाठीं झालेल्या 'रुडॉल्फ'मधील बाहुल्या टोकियोंत त्यांच्याच देखरेखीखालीं हलूं लागल्या. ज्या देशाच्या बंदरावरील हल्ल्याचा गौरव त्यांच्या कॅमेऱ्यानें केला, त्याच देशाचीं मुलें आतां त्यांच्या कलेनें रमलीं. १९९९ सालीं ते वारले.

हें प्रायश्चित्त होतें कीं नुसता चरितार्थ, याचा निवाडा कोणीं करावा? कारागिराला आपला धनी नेहमींच निवडतां येतो असें नाहीं. पण कालच्या शत्रूला आपली विद्या हातचें न राखतां शिकविणें त्याच्या हातीं असतें, आणि तेवढें मोचिनागा यांनीं केलें.