वाटी, घडी, ताट

खण दोन्ही हातांनी ओढा. लाकूड जड, त्यात ओझं दगडाचं. साल 1896, लंडनच्या साउथ केन्सिंग्टनमधलं ब्रिटिश म्युझियमचं निसर्गविज्ञान दालन. बाहेर रस्त्यावर घोड्यांच्या टापा वाजताहेत आणि खणात प्रवाळांचे पांढरे सांगाडे ओळीनं मांडलेत. एकेकाला दोऱ्यानं चिठ्ठी बांधलीय: कुठल्या समुद्रातून आलं, एवढंच. पाणी किती खोल होतं, ऊन पोचत होतं का, शेजारी कोण वाढत होतं, यातलं काहीच त्यावर नाही. जिवंतपणीचा रंग तर कधीच गेला.

हे आपलं पोवळं नव्हे. अंगठीत बसवतात ते तांबडं पोवळं पिढ्यान्‌पिढ्या भूमध्य समुद्रातून आलं. त्यातल्या प्रत्येक इवल्या जीवाला आठ हात असतात आणि प्रवाळभित्ती बांधणं हे त्याचं काम नाही. तुमच्या हातात आहे ते बांधणाऱ्यांच्या घराण्यातलं, दगडी प्रवाळ. नाव टर्बिनारिया.

भिंग डोळ्याला लावा. दगडावर वाट्याच वाट्या, एकेक जेमतेम दीड मिलिमीटरची, काठ किंचित वर उचललेला. काठापासून मध्याकडे पातळ दगडी पडदे निघालेत, चाकाच्या आऱ्यांसारखे, आणि मधोमध स्पंजासारखा उंचवटा. दोन वाट्यांमधली जागाही भरीव नाही, बारीक जाळीची आहे. एका वाटीत एक जीव राहायचा. हे सगळं त्यानं समुद्राच्या पाण्यातल्या कॅल्शियममधून स्वतः रचलं. नजर काढवत नाही ना?

आता भिंग बाजूला ठेवा आणि शेजारचा नमुना घ्या. पहिला कोबीच्या पानांसारखा घड्या-घड्यांचा. हा ताटासारखा सपाट. वाट्या मात्र दोघांच्या सारख्याच. मग ही दोन नावं की एक?

या संग्रहाची सूची करणाऱ्या हेन्री बर्नार्ड यांनी याच वर्षी टर्बिनारियाचा सूचीखंड छापलाय. आकार निराळा तर प्रजाती निराळी, असा तेव्हाचा रिवाज, त्यामुळे खंडात प्रजातींची दाटी झालीय. नऊ वर्षं पुढं चला. 1905. आता त्यांच्यापुढं पोराइटीस प्रवाळाचे ढीग आहेत आणि प्रत्येक तुकडा दुसऱ्याहून थोडा वेगळा. कुठं एक प्रजाती संपते आणि दुसरी सुरू होते, याची रेघ काही सापडत नाही. प्रजातींना लॅटिन नावं द्यायचंच ते टाळतात. समुद्राचं नाव आणि पुढं एक आकडा, बस्स. पुढच्या अभ्यासकांनी ही पद्धत उचलली नाही, पण मला हा माणूस फार मोठा वाटतो. आयुष्याची कितीतरी वर्षं घालवलेल्या कामात, खात्री नसताना खोटं नाव चिकटवायचं नाही, हे सोपं नाही. त्यांची अडचण भिंगाची नव्हतीच. समुद्र त्यांच्या खणात मावत नव्हता.

तेव्हा समुद्रावरच जाऊ. 1928, क्वीन्सलंडच्या किनाऱ्याजवळची लो आइल्स बेटं. मॉरिस याँग यांची संशोधक तुकडी इथं वर्षभर तळ ठोकून राहणार आहे. रात्री कंदील घेऊन पाण्यात उतरा: दिवसा दगड वाटणारं प्रवाळ आता शेकडो स्पर्शकं पसरून भक्ष्य धरतंय. याँग काही प्रवाळं अंधाऱ्या पेटीत ठेवतात. दिवस जातात तशी ती अंगातली सूक्ष्म शैवालं बाहेर टाकतात, फिकी पडतात, तरी जगतात. त्या शैवालांना ऊन हवं असतं. ऊन हा शब्द लक्षात ठेवा, लंडनच्या चिठ्ठीवर तो नव्हता.

आणखी अर्धं शतक ओलांडा. 1980 नंतरची पहिली वर्षं, तोच किनारा, पण पाठीवर आता हवेची टाकी आहे. उथळ पाण्यात टर्बिनारिया दिसतं ते उभ्या घड्यांचं. कडक उन्हात एक घडी दुसरीवर सावली धरते. खाली सरका. घड्या विरळ होतात. आणखी खाली, जिथं उजेड मंद आहे, तिथं तेच प्रवाळ आडवं पसरलंय, पडेल तो किरण अंगावर घ्यायला. वरपासून खालपर्यंत मधले सगळे टप्पे एकाच उतारावर दिसतात. संशोधक बेट विलिस (Bette Willis) इथं तुकडे हलवून पाहताहेत: उथळातला खोल, खोलातला उथळ. नव्या जागी झालेली वाढ त्या जागेच्या उजेडाप्रमाणं आकार घेते. घडी आणि ताट, प्रजाती एकच: टर्बिनारिया मेसेंटेरिना. सगळीच प्रवाळं मात्र अशी नाहीत. पावोना कॅक्टस हे प्रवाळ जागा बदलली तरी आपलं रूप धरून बसतं. म्हणून एकाचा नियम दुसऱ्याला लावता येत नाही, प्रत्येक प्रजातीपाशी नव्यानं बसावं लागतं.

शेवटचा मुक्काम थोडा मागं, आपल्याकडं. 1979, मालवण. गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे संशोधक कासिम आणि वफर याच साली पश्चिम किनाऱ्यावरच्या जिवंत प्रवाळांची नोंद छापताहेत आणि तिच्यात मालवण आहे. मोठी ओहोटी लागलीय. समोर सिंधुदुर्गाचा तट, पायाखाली खडप, पाणी गढूळ. पावसाळ्यात खाड्यांचा गाळ इथं येतो. नाजूक प्रवाळाचा निभाव लागणं कठीण. टर्बिनारिया तगतं. गुडघाभर पाण्यात काचेच्या बुडाचा डबा टेकवा आणि थांबा. करड्या-तपकिरी रंगाची ती कड दिसतेय ना, तेच.

त्याला हात लावू नका. जवळच्या वाळूत एक मेलेलं शकल पडलंय, ते पाहा. वाहून आलेला तुकडाही आजच्या काळात खिशात घालता येणार नाही; 2001 पासून सगळी दगडी प्रवाळं वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, वाघाच्या पंगतीला. 1979 मध्ये असलात तरी इथंच बसून पाहा. लंडनमध्ये हातात सांगाडा होता आणि समुद्र नव्हता. इथं दोन्ही आहेत. वहीत आधी लिहा: खोली, गाळ, ऊन, शेजारी कोण. मग भिंग काढा. त्याच दीड मिलिमीटरच्या वाट्या, तेच आरे. भरती चढायला लागलीय, पण पाणी मांडीपर्यंत येईतो अजून दोन-तीन वाट्यांचे पडदे मोजून होतील.