'रोसीओ' : दवबिंदू की स्थळनाम? एका स्पॅनिश स्त्रीनामाची ऐतिहासिक चिकित्सा

प्रस्तावना

स्पॅनिश भाषक समाजात मुलींना दिली जाणारी अनेक नावे थेट निसर्गातून उचललेली वाटतात. 'निएवेस' म्हणजे हिम, 'पालोमा' म्हणजे कबुतर, 'एस्त्रेया' म्हणजे तारा आणि 'रोसीओ' म्हणजे दव. नावांचे अर्थ सांगणाऱ्या पुस्तिकांतून 'रोसीओ' या नावापुढे पहाटेचे दव, ताजेपणा, कोवळीक असे चारदोन शब्द दिलेले असतात आणि विषय तेथेच संपविला जातो. हा अर्थ चुकीचा नाही. परंतु नावाचा अर्थ आणि नावाचा उगम या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिल्याचे उत्तर शब्दकोश देतो. दुसऱ्याचे उत्तर शोधण्यासाठी मात्र दक्षिण स्पेनमधील आंदालुसिया प्रांतातील एका दलदलीकडे, तेथील एका देवालयाकडे आणि इ. स. १६५३ मध्ये झालेल्या एका नामांतराकडे वळावे लागते. निसर्ग या नावात आहे, पण तो सरळ वाटेने आलेला नाही, हे दाखविण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

शब्दाची व्युत्पत्ती

'रोसीओ' या उच्चाराबाबत प्रारंभीच एक खुलासा आवश्यक आहे. कास्तीलच्या प्रमाण उच्चारानुसार हा शब्द 'रोथीओ' असा ऐकू येतो. आंदालुसियाच्या बऱ्याच भागात आणि लॅटिन अमेरिकेत तो 'रोसीओ' असा उच्चारला जातो. नावाची जन्मभूमी आंदालुसिया असल्याने येथे दुसरे रूप स्वीकारले आहे. देवनागरीत लिहिताना 'रोसा' म्हणजे गुलाब या शब्दाशी त्याचे साम्य भासते, ते केवळ लिपीमुळे. मूळ स्पॅनिश लेखनात दोन्ही शब्दांतील व्यंजने वेगळी आहेत आणि त्यांचे कुळही वेगळे आहे.

'रोसीओ' हे नाम 'रोसिआर' म्हणजे शिंपडणे या क्रियापदापासून सिद्ध झाले. त्या क्रियापदामागे लॅटिन 'रोस्किदुस' म्हणजे दवाने भिजलेला हे विशेषण आहे, आणि त्याच्याही मागे 'रोस' म्हणजे दव हा मूळ लॅटिन शब्द. भाषाशास्त्रज्ञांनी या 'रोस'ची सांगड लिथुआनियन भाषेतील 'रासा' म्हणजे दव या शब्दाशी आणि संस्कृतातील 'रस' या शब्दाशी घातली आहे. ऋग्वेदात येणारी 'रसा' ही नदी याच शब्दकुळातील मानली जाते. मराठी वाचकाला हे नाव अगदीच परके वाटू नये, याचे हे एक कारण म्हणता येईल: उसाच्या रसात आणि आंदालुसियातील मुलीच्या नावात दूरवरचे का होईना, पण नाते आहे.

मात्र व्याकरणाच्या दृष्टीने येथे एक अडचण उभी राहते. स्पॅनिश भाषेत 'रोसीओ' हे नाम पुल्लिंगी आहे. ज्या भाषेत 'ओ'कारान्त नावे सामान्यतः मुलांची आणि 'आ'कारान्त नावे मुलींची मानली जातात, त्या भाषेत एक पुल्लिंगी, ओकारान्त शब्द केवळ मुलींचेच नाव कसा झाला? दवाच्या सौंदर्यावर मोहित होऊन कोणी ते नाव ठेवले, एवढ्याने या प्रश्नाचे उत्तर मिळत नाही. 'रोसारिओ', 'पिलार', 'कोन्सुएलो' या स्त्रीनामांचीही हीच गत आहे. अनुक्रमे जपमाळ, स्तंभ आणि सांत्वन हे त्यांचे अर्थ, आणि तिन्ही शब्द पुल्लिंगी. ही सर्व नावे वस्तुतः अर्धी नावे आहेत. 'मारिया देल पिलार' म्हणजे स्तंभाची मारिया, 'मारिया देल रोसीओ' म्हणजे रोसीओची मारिया. व्यवहारात 'मारिया' गळून पडले आणि विशेषण तेवढे उरले. म्हणून खरा प्रश्न दवासंबंधी नसून, रोसीओची मारिया कोण आणि कोठली, हा आहे.

ला रोसीना येथील देवालय

ग्वादलकिवीर नदी अटलांटिक महासागराला मिळते तेथे तिच्या पश्चिमेस विस्तीर्ण पाणथळ प्रदेश पसरला आहे. या पाणथळीच्या कडेला, आजच्या वेल्वा जिल्ह्यातील आल्मोन्ते गावाच्या हद्दीत, 'ला रोसीना' नावाचा ओढा वाहतो. कास्तीलचा राजा दहावा आल्फोन्सो याने १२६२ मध्ये निएब्ला हे मुस्लिम राज्य जिंकले आणि हा मुलूख ख्रिस्ती सत्तेखाली आला. त्यानंतर त्याच राजाच्या कारकिर्दीत येथे मारियामातेचे छोटे देवालय उभे राहिले, अशी परंपरा आहे. अकराव्या आल्फोन्सोच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या, चौदाव्या शतकातील 'लिब्रो दे ला मोन्तेरीआ' या शिकारविषयक ग्रंथात राज्यातील रानांची वर्णने आहेत. त्यात या परिसराची खूण सांगताना 'सान्ता मारिया दे लास रोसीनास' या देवालयाचा निर्देश येतो. तो धार्मिक हेतूने केलेला नाही, हे लक्षात घेण्याजोगे आहे. शिकाऱ्यांना वाट सापडावी म्हणून दिलेली ती खूण आहे, आणि म्हणूनच तिचे साक्ष म्हणून मूल्य अधिक.

यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. चौदाव्या शतकात ही मारिया 'रोसीओ'ची नव्हती. ती 'रोसीनास'ची होती. तिच्या नावात दव नव्हते, जागा होती.

'रोसीनास' या स्थळनामाचा स्वतःचा अर्थ काय, याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. 'रोसीन' म्हणजे हलक्या जातीचा, कामाचा घोडा. सेर्व्हान्तेसने १६०५ मध्ये दोन किहोतेच्या मरतुकड्या घोड्याला 'रोसिनान्ते' हे नाव याच शब्दावरून दिले. या पाणथळीत अर्धवट रानटी अवस्थेत घोड्या चरतात आणि दरवर्षी २६ जूनला त्यांना हाकत आल्मोन्ते गावात आणले जाते. या प्रथेचे नियमन करणाऱ्या ग्रामनियमांचा काळ १५०४ पर्यंत मागे जातो. या पार्श्वभूमीवर 'रोसीनास'चा घोड्यांशी असलेला संबंध मोहक वाटतो. पण शब्दसाम्य म्हणजे व्युत्पत्ती नव्हे, आणि या ठिकाणी तर ही सावधगिरी विशेष आवश्यक आहे, कारण पुढचा सर्व इतिहास शब्दसाम्यावरच उभा राहिलेला आहे.

दंतकथा आणि तिचा काळ

देवालयाची प्रचलित कथा मात्र निराळी आहे. पंधराव्या शतकात एका शिकाऱ्याला रोसीनाच्या काटेरी झाडीत, एका झाडाच्या ढोलीत मारियेची मूर्ती सापडली. ती खांद्यावर घेऊन तो आल्मोन्तेकडे निघाला, वाटेत थकून झोपी गेला, आणि जागा झाला तो मूर्ती नाहीशी झालेली. शोधता शोधता ती पुन्हा त्याच झाडात आढळली; तेव्हा तेथेच देवालय बांधावे असे ठरले. या कथेचा मुख्य लिखित आधार म्हणजे मातृसंघाची १७५८ ची नियमावली. कथेतील घटना पंधराव्या शतकातील, तर देवालयाचा उल्लेख चौदाव्या शतकातील ग्रंथात. मूर्ती सापडण्याआधीच तिचे देवालय उभे होते, असा हा विरोध आहे. मूर्तीचे मूळ कोरीवकामही गॉथिक शैलीचे असून ते कथेपेक्षा जुने मानले जाते.

तथापि, काळाचा मेळ बसत नाही म्हणून कथा टाकून द्यावी असे नाही. झाडात, गुहेत किंवा झऱ्याकाठी सापडलेली आणि जागा सोडण्यास नकार देणारी मूर्ती हा कथाबंध स्पेनमध्ये सर्वदूर आढळतो. बास्क प्रदेशातील आरान्साझू येथे १४६९ मध्ये एका मेंढपाळाला काटेरी झुडपात मारियेची मूर्ती दिसली, अशी कथा आहे. बास्क भाषेत 'आरान्सा' म्हणजे काटा, आणि 'आरान्चा' हे मुलींचे लाडके नाव तेथूनच आले. अशा कथा देवतेला त्या मातीशी जखडून ठेवतात. रोसीनाच्या कथेचे कार्यही तेच: ही मारिया या ओढ्याची आहे, ती गावाच्या चर्चमध्ये राहणार नाही.

१६५३ चे नामांतर

सतराव्या शतकाच्या मध्यास या प्रदेशावर मोठे संकट ओढवले होते. १६४९ च्या प्लेगने सेव्हिया शहराची दाणादाण उडविली होती. अवर्षणात आणि साथीच्या दिवसांत रोसीनाची मूर्ती आल्मोन्ते गावात आणून गाऱ्हाणे घालण्याची प्रथा होती. १६५३ मध्ये आल्मोन्तेच्या ग्रामसभेने तिला गावाची आश्रयदात्री म्हणून स्वीकारले आणि त्याच सुमारास 'रोसीनासची मारिया' ही 'रोसीओची मारिया' झाली. तिचा उत्सवही पुढे सप्टेंबरऐवजी पेन्टेकॉस्टला, म्हणजे ईस्टरनंतर पन्नासाव्या दिवशी येणाऱ्या पवित्र आत्म्याच्या सणाला जोडला गेला.

'रोसीनास'चे 'रोसीओ' होणे हा केवळ उच्चाराचा अपभ्रंश नव्हे. ख्रिस्ती उपासनेत दव ही जुनी आणि भारदस्त प्रतिमा आहे. यशयाच्या ग्रंथातील, आकाशाने दव गाळावे अशा आशयाची प्रार्थना ख्रिस्तजन्मापूर्वीच्या आगमनकाळात म्हटली जाते. गिदोनच्या लोकरीवर पडलेले दव हे मारियेच्या कौमार्याचे प्रतीक मानले गेले. पवित्र आत्म्याच्या कृपेलाही दवाची उपमा दिली जाते. जाणत्यांना या शब्दात धर्मशास्त्र दिसले. शेतकऱ्यांना त्यात पाणी दिसले असणार: पावसासाठी जिला गावात आणायचे, तिचे नाव 'दव' असणे यासारखी समर्पक गोष्ट नाही. घोड्यांची आठवण करून देणारे एक अडगळीतले स्थळनाम मागे पडले आणि त्याच्याशी नाद जुळणारा, अर्थाने उजळ शब्द पुढे आला. लोकव्युत्पत्तीला भाषाशास्त्रात चूक म्हटले जाते. येथे ती चूक नाही, निर्णय आहे.

ज्या प्रदेशात स्थळनामातून स्त्रीनाम जन्मले, तेथेच उलट प्रक्रियाही घडली आहे, हेही जाता जाता नोंदवावे. शेजारचे जगप्रसिद्ध 'दोन्याना' अरण्य हे मेदिना सिदोनियाच्या सातव्या ड्यूकची पत्नी दोन्या आना हिच्या नावाने ओळखले जाते.

निसर्गनावांचा अडथळा आणि वाट

रोसीओप्रमाणेच इतर 'निसर्गनावे'ही तपासली असता तीच वाट दिसते. 'निएवेस' हे नाव रोममधील सान्ता मारिया माजोरे या चर्चच्या दंतकथेतून आले. पोप लिबेरिउस यांच्या काळात, चौथ्या शतकात, ५ ऑगस्टच्या ऐन उन्हाळ्यात तेथे हिम पडले आणि मारियेने आपल्या देवालयाची जागा दाखविली, असे ती कथा सांगते. या हिमाचा प्रवास फार दूरवर झाला. गोव्यात सासष्टीतील राय गावच्या चर्चला पोर्तुगीजांनी 'नोसा सेन्योरा दास नेव्हेस' हेच नाव दिले. जेथे हिम कधी पडले नाही त्या गावात ५ ऑगस्टला नव्या भाताची कणसे आशीर्वादासाठी चर्चमध्ये आणली जातात. माद्रिदची 'पालोमा' तर थेट रस्त्यावरून आली. १७८७ मध्ये 'काये दे ला पालोमा' या गल्लीत सापडलेल्या चित्राला इसाबेल तिन्तेरो या स्त्रीने जपले. चित्र वास्तविक 'सोलेदाद'च्या मारियेचे होते, पण लोकांनी तिला गल्लीचे नाव दिले.

असे का घडले, याचे उत्तर संस्थांच्या नियमांत सापडते. ट्रेंट परिषदेनंतर १५६६ मध्ये निघालेल्या रोमन धर्मप्रश्नोत्तरीने बाप्तिस्म्याच्या वेळी संताचे नाव देण्याचा आग्रह धरला. १९१७ च्या चर्च संहितेनेही ख्रिस्ती नावाची जबाबदारी धर्मगुरूवर टाकली. नुसते 'दव' किंवा 'हिम' हे नाव अशा व्यवस्थेत टिकले नसते. मारियेचा पदर धरूनच ते नोंदवहीत शिरू शकत होते. यादवीच्या काळात हा प्रश्न राजकीय झाला. प्रजासत्ताकवादी आणि अराज्यवादी कुटुंबांनी मुलांना 'लिबेर्ताद' म्हणजे स्वातंत्र्य, 'हेर्मिनाल' म्हणजे अंकुरांचा महिना अशी नावे दिली होती. फ्रान्को राजवटीने १९३८ पासून काढलेल्या आदेशांनी अशा नावांवर गदा आणली आणि नोंदणीसाठी कास्तिलियन भाषाच अनिवार्य केली. बास्क आणि कातालान रूपांना कायद्याने मोकळीक मिळाली ती १९७७ मध्ये. अंकुरावर बंदी आणि दवाला मुभा, असे हे चित्र होते. दोन्ही निसर्गच, पण एकाच्या मागे क्रांती होती आणि दुसऱ्याच्या मागे देवालय.

नावाचा प्रसार

लिस्बनच्या १७५५ च्या भूकंपात जुने देवालय कोसळले. नंतर ते पुन्हा बांधले गेले आणि आजची वास्तू १९६९ मध्ये खुली झाली. दरम्यान यात्रेचे संघ गावोगाव निघाले. सेव्हियाच्या त्रियाना वस्तीतील संघ १८१३ मधला, तर वेल्वा शहराचा १८८० मधला. १९१९ मध्ये मूर्तीला चर्चच्या अधिकृत मान्यतेने मुकुट चढविण्यात आला. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आंदालुसियातील मजूर कामासाठी बार्सिलोना आणि माद्रिदकडे गेले, तेव्हा संघही त्यांच्याबरोबर गेले आणि नावही. वेल्वा, सेव्हिया आणि कादिस हे जिल्हे मात्र आजही या नावाचे माहेर आहेत.

नाव देवालयापासून सुटे कसे झाले, हे दोन गायिकांच्या उदाहरणावरून दिसते. रोसीओ हुरादो ही कादिस जिल्ह्यातील चिपिओना गावची. तिचे जन्मनाव 'मारिया देल रोसीओ', म्हणजे घरच्या परंपरेतून आलेले. रोसीओ दुर्काल ही माद्रिदची; तिचे जन्मनाव 'मारिया दे लोस आन्हेलेस'. 'रोसीओ' हे तिने रंगभूमीसाठी घेतलेले नाव, आणि 'दुर्काल' हे ग्रानादा जिल्ह्यातील एका गावाचे. पहिलीच्या नावात मारिया आहे; दुसरीच्या नावात फक्त दव उरले आहे, आणि मेक्सिकोच्या घराघरांत हे नाव तिच्या गाण्यांबरोबर पोहोचले. दोघीही २००६ मध्ये, अवघ्या काही आठवड्यांच्या अंतराने निवर्तल्या.

देवालयाभोवती वसलेल्या गावाचे नाव आज 'एल रोसीओ' आहे. बाजूच्या ओढ्याचे मात्र अद्याप 'ला रोसीना'. नामांतर मारियेचे झाले, पाण्याचे झाले नाही. वेल्वा जिल्ह्यातील स्ट्रॉबेरीच्या शेतीसाठी भूजलाचा बेसुमार उपसा झाल्याने या ओढ्याचा प्रवाह घटत गेला. दोन्यानाच्या पाणथळीचे रक्षण करण्यात स्पेन कमी पडला, असा निकाल युरोपीय संघाच्या न्यायालयाने २४ जून २०२१ रोजी दिला. नोव्हेंबर २०२३ मध्ये स्पेनचे केंद्र सरकार आणि आंदालुसियाचे प्रांतिक सरकार यांच्यात १४० कोटी युरोंचा करार झाला, तो याच पाण्यासाठी.